वाचकांचे प्रश्न : पायाच्या बेचक्यातला पावसाळा

आषाढ लागला की चिखल्यांची पत्रं वाढतात. यंदाच्या पत्रांतली आठ इथे घेतली आहेत. सारख्या शंका एकत्र केल्या असून नावं गाळली आहेत.

प्रश्न : भातलावणीचे पंधरा-वीस दिवस आम्ही घरातले सगळे चिखलात असतो. पायाच्या करंगळीजवळच्या बेचक्यात कातडं पांढरं पडतं, फाटतं, रात्री आग होते. दुकानातून आणलेलं मलम रोज सकाळी लावून शेतात जातो, पण गुण नाही. (संगमेश्वर तालुका)

सकाळी मलम लावून वाफ्यात उतरलात तर ते पहिल्या दहा मिनिटांतच धुऊन जातं. औषध बदलण्याआधी वेळ बदला. मलम संध्याकाळी, पाय पूर्ण सुकल्यावर लावायचं आणि त्यानंतर पाय ओला करायचा नाही.

चिखल्या म्हणजे एकच एक आजार नव्हे. तासन् तास पाण्यात राहून कातडीचा वरचा थर फुगतो आणि पांढरा, लिबलिबीत होतो. ही पहिली पायरी, आणि एवढ्यावर थांबलं तर नुसतं कोरडं ठेवूनही बरं होतं. फुगलेल्या कातडीत पुढे ट्रायकोफायटन जातीची बुरशी शिरते. ती कातडीतल्या केराटिन या चिवट प्रथिनावर जगते. कधी कॅन्डिडा नावाचं यीस्ट शिरतं, कधी जिवाणू, आणि लावणीच्या दिवसांत बहुतेक वेळा दोन-तीन एकत्रच असतात. करंगळी आणि तिच्या शेजारच्या बोटामधली फट सगळ्यात चिंचोळी, तिथे वारा पोचत नाही, म्हणून सुरुवात जवळजवळ नेहमी तिथूनच होते.

उजेडात बसून बोटं हलकेच फाकवून बघा. खाज जास्त, कडेला कोरडे पापुद्रे आणि आत पांढरं कातडं असेल तर मुख्य कारण बुरशी. खाजेपेक्षा दुखणं जास्त असेल, घाण वास येत असेल, पू किंवा हिरवट झाक दिसत असेल तर जिवाणू जोरात आहेत. अशा पायाला बुरशीचं मलम पुरत नाही, डॉक्टरांकडे जावं लागतं.

शेतातून आल्यावर साध्या पाण्याने आणि अंगाच्या साबणाने पाय धुवा. बेचक्यातली माती बोटाने काढा. वीट, दगड, ब्रश नको, आणि जंतुनाशक द्रव तर जखमेवर मुळीच ओतू नका, त्याने कातडी आणखी सोलवटते. मग जुन्या धुवट सुती कापडाची पट्टी घ्या आणि एकेक फट वेगळी टिपा. घासायचं नाही, कापड दाबून धरायचं आणि ओलं झालं की कोरडी बाजू फिरवायची. त्यानंतर दहा मिनिटं बोटं फाकवून पंख्यासमोर बसा. ही दहा मिनिटं कोणी देत नाही, आणि गुण न येण्याचं सगळ्यात मोठं कारण हेच असतं.

फट पाझरत असेल तर आधी पोटॅशियम परमँगनेटच्या पाण्यात पाय ठेवा. ४०० मिलिग्रॅमची एक गोळी चार लिटर पाण्यात, म्हणजे एकास दहा हजार. दहा ते पंधरा मिनिटं, दिवसातून एकदा किंवा दोनदा, पाझर थांबेपर्यंत दोन-चार दिवस. सुटे खडे मिळाले तर वेगळ्या भांड्यात पूर्ण विरघळवा आणि ते पाणी बादलीत थोडं थोडं घालत रंग फिकट गुलाबी ठेवा. जांभळं पाणी कातडी जाळतं आणि न विरघळलेला खडा चिकटला तर तिथे व्रण होतो. नखं तपकिरी होऊ नयेत म्हणून त्यांवर आधी व्हॅसलीन लावा. गोळ्या पोरांच्या हाताला लागतील अशा ठेवू नका, पोटात गेल्या तर विषबाधा होते. पाझर थांबला की हे पाणीही थांबवा, नाहीतर कातडी कोरडी पडून तडकते.

आता मलम. टर्बिनाफिन १ टक्का असेल तर दिवसातून एकदा किंवा दोनदा, एक ते दोन आठवडे. क्लोट्रिमॅझोल १ टक्का असेल तर दिवसातून दोनदा, चार आठवडे. मटारच्या दाण्याएवढं मलम एका पायाच्या चारही बेचक्यांना पुरतं. दिसेनासं होईपर्यंत चोळा, जिरलं नाही असा पांढरा थर उरला तर तोच ओल धरून ठेवतो. चांगल्या दिसणाऱ्या कातडीवरही चौफेर दोन सेंटिमीटर लावा, कारण बुरशी दिसते त्याच्या पुढे गेलेली असते. रात्री बोटांमध्ये गॉजची पातळ घडी ठेवा, म्हणजे फट मिटत नाही. खाज तीन-चार दिवसांत थांबते आणि तेव्हाच सगळे मलम बंद करतात. दिवस कॅलेंडरवर मोजा, खाजेवर नको.

सकाळी चिखलात उतरण्याआधी बेचक्यात व्हॅसलीन, कोकमाचं तेल किंवा उंडीचं तेल भरण्याची आपल्याकडची रीत चांगली आहे. त्याने बुरशी मरत नाही, पाणी मात्र बाहेर राहतं. संध्याकाळी ते साबणाने काढायला विसरू नका. गमबूट घालणार असाल तर ते आतून कोरडे हवेत. रात्री आत वर्तमानपत्राचे बोळे घाला, सकाळी काढून बूट उलटे टांगा. ज्याची फट फाटून लाल झाली आहे त्याला तीन-चार दिवस चिखलाबाहेरचं काम द्या. फाटलेल्या कातडीतून लेप्टोस्पायरोसिसचे जंतू सहज शिरतात. लावणीच्या दिवसांत किंवा नंतर ताप येऊन पोटऱ्या आणि कंबर फार दुखत असेल तर त्याच दिवशी आरोग्य केंद्रात जा आणि चिखलात काम केल्याचं स्वतःहून सांगा.

प्रश्न : मी सुरक्षारक्षक आहे, बारा तास बूट असतात. पायाच्या खाजेवर दुकानातून ट्यूब आणली. लावली की दोन दिवसांत खाज जाते, थांबवली की दुप्पट होते. आता जांघेत आणि कमरेलाही गजकर्ण झालंय. (पिंपरी)

ट्यूबची मागची बाजू वाचा. क्लोबेटासोल, बीटामेथासोन, मोमेटासोन, बेक्लोमेथासोन, फ्लुओसिनोलोन यांपैकी एखादं नाव असेल तर त्यात स्टेरॉइड आहे. सोबत बहुधा एखादं बुरशीचं औषध आणि नीओमायसिन किंवा जेंटामायसिन असतं. अशा तीन-चार औषधांच्या मिश्र ट्यूब आपल्याकडे सर्रास विकल्या जातात. स्टेरॉइडची मलमं शेड्यूल एचमध्ये आहेत, म्हणजे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय ती द्यायची नाहीत. तरीही ती सहज मिळतात, आणि त्यामुळे अनेक घरांत साधं गजकर्ण वर्ष-वर्ष ठाण मांडून बसतं. हे थांबायलाच हवं.

बुरशी आली की शरीर तिच्याशी झगडतं, आणि लाली, खाज ही त्या झगड्याची खूण. स्टेरॉइड तो झगडाच बंद पाडतं. खाज जाते, पण बुरशीला अडवणारं कोणी उरत नाही, ती शांतपणे पसरते. ट्यूब थांबवली की शरीर पुन्हा जागं होतं आणि सगळी लाली एकदम उसळते. तुम्हाला वाटतं ट्यूबशिवाय चालतच नाही. महिनोन् महिने वापरलं तर गजकर्णाची गोल कड पुसट होते, डॉक्टरांनाही ओळखायला अवघड जातं. जांघेतली कातडी पातळ होऊन लाल-जांभळे चट्टे उठतात, ते कायमचे राहतात.

ती ट्यूब आज बंद करा. काही दिवस खाज वाढेल, हे आधीच माहीत असू द्या, नाहीतर चौथ्या दिवशी हात पुन्हा तिच्याकडे जाईल. त्वचारोगतज्ज्ञ कडेचे पापुद्रे खरवडून पोटॅशियम हायड्रॉक्साइडच्या थेंबात सूक्ष्मदर्शकाखाली बघतात. बुरशीचे धागे तिथल्या तिथे दिसतात, खर्चही थोडा असतो. पाय, जांघ आणि कंबर अशी तीन ठिकाणं असतील तर नुसत्या मलमाने भागत नाही, पोटातून गोळ्या लागतात. कोणती गोळी, किती दिवस, हे मित्राच्या चिठ्ठीवरून ठरवू नका. आपल्याकडे सध्या ट्रायकोफायटन इंडोटिनी ही बुरशी फार आहे. २०२० साली तिला हे नाव मिळालं. टर्बिनाफिन ज्या एन्झाइमवर काम करतं त्याच्या जनुकातच तिच्या पुष्कळ वाणांमध्ये बदल झालेला आहे, त्यामुळे ती गोळी अनेकांना लागू पडत नाही आणि दुसरं औषध द्यावं लागतं.

पायाची बुरशी जांघेत बहुधा कपड्यांतून जाते. चड्डी घालताना ती पावलावरून वर ओढली जाते. म्हणून आधी मोजे घाला, मग चड्डी. पायाचा टॉवेल वेगळा ठेवा. घरात आणखी कोणाला खाज असेल तर सगळ्यांवर एकाच वेळी उपचार व्हावेत, नाहीतर बुरशी आळीपाळीने फिरत राहते.

बूट दोन जोड हवेत. बारा तास घातलेला बूट रात्रीत आतून सुकत नाही, त्याला पुरा एक दिवस द्या. आतला तळ निघत असेल तर काढून वेगळा वाळवा. दुसऱ्या जोडाची ऐपत नसेल तर निदान मोज्यांचे दोन जोड ड्यूटीवर न्या आणि अर्ध्या वेळेत बदला. अँटिफंगल पावडर कोरड्या पायावर आणि मोज्यात टाका. घामेजल्या पायावर टाकली तर तिच्या गुठळ्या होऊन बेचक्यात रुततात.

प्रश्न : वय ६२. दोन्ही अंगठ्यांची नखं पिवळी, जाड झाली आहेत, खालून भुसा निघतो. सहा महिने मलम लावलं. (नाशिक)

मलम नखाच्या जाडीतून आत उतरत नाही, म्हणून सहा महिने वाया गेले. पण गोळ्यांवर जाण्याआधी तपासणी करा. पिवळ्या, जाड नखांपैकी सुमारे अर्ध्यांमध्येच बुरशी सापडते. बाकी ठिकाणी सोरायसिस, तंग बुटांचा सततचा मार किंवा नुसतं वय हे कारण असतं आणि तिथे बुरशीची गोळी निरुपयोगी असते. नमुना म्हणून नखाचं टोक पुरत नाही, नखाखालचा भुसा जितक्या आतून मिळेल तितका द्यावा. कल्चरला, म्हणजे त्या नमुन्यातली बुरशी वाढवून बघायला, तीन-चार आठवडे लागतात.

बुरशी निघाली तर टर्बिनाफिन २५० मिलिग्रॅम रोज एक, पायाच्या नखांसाठी बारा आठवडे. दुसरा मार्ग इट्राकोनॅझोलचा. २०० मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, महिन्यातला एक आठवडा, असे तीन महिने. दोन्ही डॉक्टरांच्या देखरेखीखालीच, कारण आधी यकृताची रक्ततपासणी हवी. हृदय कमजोर असेल तर इट्राकोनॅझोल चालत नाही. कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांशी त्याचं जमत नाही आणि ॲसिडिटीच्या औषधांनी ते अंगी लागत नाही. तुमच्या वयात यांपैकी काही ना काही चालू असण्याची शक्यता बरीच, तेव्हा सगळ्या गोळ्यांची पाकिटं सोबत न्या.

गोळ्या संपल्या तरी नख पिवळंच दिसेल आणि औषध फुकट गेलं असं वाटेल. तसं नसतं. बिघडलेलं नख दुरुस्त होत नाही, मागून नवं येऊन ते पुढे सरकतं, आणि पायाचं नख महिन्याला जेमतेम एक ते दीड मिलिमीटर वाढतं. अंगठ्याचं पूर्ण नख बदलायला बारा ते अठरा महिने लागतात. उपचार सुरू कराल त्या दिवशी चांगलं नख जिथे संपतं तिथे कानशीने बारीक आडवी खूण करा. खूण पुढे सरकत जाईल. तिच्या मागचं नख गुलाबी, सपाट आलं तर औषध लागू पडतंय. पिवळेपणा खूण ओलांडून मागे सरकला तर पुन्हा दाखवा.

नखाचा अर्ध्याहून कमी भाग बिघडला असेल आणि मूळ चांगलं असेल तर अमोरोलफिन ५ टक्क्यांचं नखाला लावायचं वार्निश आठवड्यातून एकदा-दोनदा, नऊ ते बारा महिने लावून भागू शकतं. दर वेळी आधी नख घासून पातळ करावं लागतं. ती कानस आणि नेलकटर चांगल्या नखांना लावू नका.

प्रश्न : आईला पंधरा वर्षं मधुमेह आहे. बेचक्यात चिखल्या दिसतात, पण ती म्हणते दुखत नाही. थांबावं का? (सोलापूर)

थांबू नका. फाटलेली कातडी दुखत नाही याचाच अर्थ पायाची संवेदना गेली असावी, आणि अशा पायात जखम वाढत गेली तरी माणसाला कळत नाही. पहिली तपासणी डॉक्टरांकडूनच करून घ्या.

घरी रोज संध्याकाळी तुम्ही स्वतः तिचे पाय बघा, आठही बेचकी फाकवून. तळव्याखाली आरसा धरा. धुण्याचं पाणी कोमट हवं आणि ते तिच्या पायाने नव्हे, तुमच्या कोपराने तपासा. पाय पाण्यात भिजत ठेवायचे नाहीत, वर सांगितलेलं गुलाबी पाणीही डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको. टाचेला तेल किंवा क्रीम चालेल, बेचक्यात नाही. ब्लेडने कातडी काढणं, शेक देणं, घट्ट पट्टी बांधणं हे पूर्ण बंद. देवळात तापलेल्या फरशीवर अनवाणी चालू देऊ नका, जाड मोजे घालायला लावा.

पावलावर लाली दिसली तर तिच्या कडेने बॉलपेनने रेघ काढा आणि वेळ लिहून ठेवा. त्याच दिवशी डॉक्टरांकडे जायचंच आहे, ती रेघ लाली किती वेगाने पसरते हे त्यांना सांगेल. ताप, काळपट डाग, घाण वास किंवा सूज असेल तर रात्रीसुद्धा रुग्णालय गाठा.

प्रश्न : सहावीतल्या मुलाच्या बुटांना असह्य वास येतो. तळव्यावर सुईने टोचल्यासारखे बारीक खड्डे दिसतात. अँटिफंगल पावडरने फरक नाही. (कल्याण)

फरक पडणारही नाही, कारण ही बुरशी नाही. घामाने भिजलेल्या तळव्यावर जिवाणू कातडी कुरतडतात, त्याचे हे खड्डे आणि त्याचाच हा वास. डॉक्टर क्लिंडामायसिन किंवा बेंझॉइल पेरॉक्साइड लावायला देतात आणि बहुधा तीन-चार आठवड्यांत तळवा साफ होतो. भिजलेले बूट तसेच दुसऱ्या दिवशी घालू देऊ नका, शाळेला विचारून पावसाळ्यापुरती सँडल चालते का बघा.

प्रश्न : वडिलांच्या डाव्या पायाला हत्तीरोगाची जुनी सूज आहे. वर्षातून चार-पाच वेळा हुडहुडी भरून ताप येतो, पाय लाल होतो आणि दर वेळी थोडा जास्त जाड राहतो. (चंद्रपूर)

या तापाची सुरुवात पुष्कळदा बोटांच्या बेचक्यातून होते. सुजलेल्या पायात लसीका नावाचा शरीरातला पातळ द्रव नीट वाहत नाही, त्यामुळे चिखलीच्या बारीक चिरेतून शिरलेले जिवाणू तिथे लगेच बळावतात. प्रत्येक हल्ल्यात उरलेल्या लसीकावाहिन्याही खराब होतात आणि पाय जाड होत जातो. म्हणून वडिलांसाठी चिखल्या बऱ्या करणं हा हत्तीरोगाच्याच उपचाराचा भाग आहे.

रोज एकदा, शक्यतो झोपण्याआधी, दोन्ही पाय साध्या पाण्याने आणि साबणाने धुवा. पाणी गढूळ येईनासं होईपर्यंत. सुजेमुळे पडलेल्या घड्या आणि बोटांच्या फटी जाड टॉवेलने सुकत नाहीत, तिथे गॉज किंवा मलमलीची पट्टी सरकवून टिपा. बेचक्यात बुरशीचं मलम, चिरेवर प्रतिजैविकाचं. झोपताना पाय उशीवर, बसल्यावर दुसऱ्या खुर्चीवर, आणि घोट्यातून पंजा वर-खाली करण्याचा व्यायाम दिवसातून अनेक वेळा. ताप आणि लाली असताना मात्र व्यायाम बंद. पाय उंच ठेवून गार पाण्याचं फडकं ठेवा, पॅरासिटामॉल द्या आणि त्याच दिवशी प्रतिजैविकासाठी दवाखान्यात न्या. हत्तीरोगाच्या सरकारी कार्यक्रमात रुग्णांना टब, मग, टॉवेल, साबण आणि मलम असलेला संच देतात. मिळाला नसेल तर आशाताईंकडे किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रात मागा.

प्रश्न : आजी आषाढात सगळ्यांच्या पायाला मेंदी लावायची. त्याने चिखल्या होत नाहीत हे खरं का? (सावंतवाडी)

रीत बिनबुडाची नाही. मेंदीतलं लॉसोन हे रंगद्रव्य कातडीच्या केराटिनला चिकटतं, ती जागा कोरडी आणि चिवट होते, आणि बुरशीची वाढही त्याने काहीशी रोखली जाते. अखंड कातडीवर, लावणीच्या आधी, पाल्याची वाटलेली मेंदी बेचक्यात जरूर लावा. फाटलेल्या चिखलीवर नको. बाजारच्या काळ्या मेंदीच्या कोनात केस रंगवायचं रसायन असतं, त्याने फोड येतात. रॉकेल, फिनेल, चुना, बॅटरीचं पाणी बेचक्यात ओतणारे अजूनही आहेत. त्याने कातडी जळते आणि मग महिनाभर जखम चालते.

प्रश्न : मोजे उकळावे लागतात का? (इचलकरंजी)

उकळायला नकोत. ६० अंशांच्या पाण्यात धुतले तर बुरशी मरते, ४० अंशांना ती तग धरू शकते. मशीन नसेल तर कडकडीत गरम पाण्यात साबण घालून अर्धा तास बुडवून ठेवा आणि उलटे करून वाळत घाला, कारण कातडीचे पापुद्रे आतल्या बाजूला अडकलेले असतात. पावसात मोजे दोन दिवस दमट राहत असतील तर शेवटी इस्त्री फिरवा, चवड्याच्या भागावर जरा जास्त वेळ. न्हाणीघराच्या दारातलं पायपुसणंही त्याच पाण्यातून काढा, घरातल्या सगळ्यांचे ओले पाय त्यावरच पडतात.